माझ्या हातून गेलेलं सासूचं मत

माझ्या सासूला जन्मात एकदा स्वतःच्या मनाने मत टाकायचं होतं. ते माझ्यामुळे राहिलं. घरात हे अजून कुणाला ठाऊक नाही. नवऱ्याला सांगितलं नाही, मुली मोठ्या झाल्या तरी त्यांनाही नाही. बोलायला मला पहिल्यापासून जड जातं. चौथीपर्यंत शिकले म्हणून लिहिता येतं, तेवढं लिहिते.

आमचं गाव अहेरीहून सिरोंच्याकडे जाताना लागतं. रस्त्यावरून आत तीन कोस जंगल. थोडी धानाची शेती आहे, पण खरं जगणं गावच्या तलावावर. पुरुष जाळी टाकतात, बायका मासे निवडतात, वाळवतात आणि आठवडी बाजाराला टोपल्या घेऊन जातात. मी लग्न होऊन आले तेव्हा टोपली डोक्यावर घेऊन ओरडणं मला जमेना. सासू एकदाही टाकून बोलली नाही. "तू घरी बसून निवड, मी इकून येतो," म्हणाली. मी तिला आत्या म्हणत असे.

सासरे असेपर्यंत आत्याचं मत सासऱ्यांच्या बोटांवर असायचं. मतदानाच्या सकाळी ते अंगणात उभे राहून बोटं दाखवायचे. तीन बोटं म्हणजे वरून तिसरा. तिला वाचता येत नव्हतं, ती मोजून शिक्का मारायची. एकदा तिने चुकून खालून मोजलं आणि भोळेपणाने घरी येऊन स्वतःच सांगितलं. सासऱ्यांनी चार दिवस तिच्या हातचं जेवण घेतलं नाही. पुढच्या निवडणुकीत जंगलातल्या नक्षल्यांनी मत टाकू नका म्हणून झाडांना कागद लावले. गाव घरात बसलं, तीही बसली. त्यानंतर सासरे गेले. आणि मग आली ती ही निवडणूक, दिल्लीची, खासदाराची.

खासदार गावात कुणी पाहिला नव्हता. त्या वर्षी दोन जीपा आल्या. एक नाल्याच्या रेतीत फसली, ती गावातल्या माणसांनी ढकलून काढली आणि आतला माणूस भोंग्यातून सगळ्यांना धन्यवाद देत निघून गेला. माघ महिना होता. तलावाचं पाणी उतरलं होतं, मासे भरपूर लागत होते. तलावाच्या पाळीवर, म्हणजे बांधावर, आम्ही बायका झिंगे वाळत घालायचो. आत्या आणि शेजारची मावशी कायम एका चटईवर. मावशीही विधवा, आत्याच्याच वयाची. दोघी एकाच वर्षी या गावात सुना म्हणून आल्या आणि तेव्हापासून बाजारात टोपलीला टोपली लावून बसत.

"काय वं," मावशी म्हणाली, "अवंदा तरी वरून मोजशील ना?"

"अवंदा मोजाचंच नाई. अवंदा मले पटन त्याले."

"तुले दिसते कुठी? झिंगे निवडतानी खडे घेतेस."

"ते खडे तुह्या टोपलीतले व्हय."

बाकीच्या बायका हसल्या. मग आत्याने मावशीच्या कानाशी तोंड नेऊन काहीतरी सांगितलं. मावशीने मांडीवर हात आपटला.

"आगी लागो! त्याले? मी त्याले माह्या बोडीच्या पाण्यातला बेडूक नाई देणार."

"माह्यं मत, तुह्यं काय जाते?"

"जाते ना! तुह्यं एक तिकडं, माह्यं एक इकडं. दोघीचं कटून गेलं. मंग उन्हातान्हात काऊन जाचं? त्यापक्षा मीच सकाळी जाऊन तुह्यंबी टाकून येतो. दोन्ही माह्याकडं!"

"टाक ना टाक, तंगडी तोडीन तुही."

मला तेव्हा फार हसू आलं होतं. ते बोलणं पुढे काय करील हे तिथे बसलेल्या एकीलाही सुचलं नसतं.

घरी आल्यावर आत्याने मला कोपऱ्यात बोलावलं. जीपमधून उडवलेला एक कागद तिने घडी करून कमरेला खोचून ठेवला होता. त्यावर सगळ्या उमेदवारांची नावं आणि चिन्हं होती. "वाच," म्हणाली. मी वाचलं. "अजून एक खेप." परत वाचलं. मी कोणत्या नावावर थांबते याच्याकडे ती पाहत होती की नाही मला कळलं नाही, पण तिचा चेहरा कुठल्याच नावाला बदलला नाही. मग मी तिला शिक्का मारायला शिकवलं. जाळ्याच्या सुताचं रिकामं रीळ घेतलं, त्याचं टोक काजळात बुडवलं आणि जुन्या कागदावर ती शिक्के मारत बसली. घडी उभी घालायची, आडवी नाही, नाही तर शाई दुसऱ्या चिन्हावर उमटते आणि मत फुकट जातं, हे मला शाळेतल्या गुरुजींकडून कळलं होतं. आत्याने आठ-दहा वेळा घडी घातली. काजळ उमटलं नाही, तेव्हा कागद उलटासुलटा करून पाहिला आणि एखाद्या मुलीसारखी हसली.

"पोराले सांगजो नोको," एवढंच म्हणाली.

पोरगा म्हणजे माझा नवरा. त्याने सासऱ्यांची जागा घेतली होती. मतदानाच्या सकाळी भाकर खाता खाता त्याने मला चिन्ह सांगितलं, मग आईला सांगितलं.

"सांग ना," आत्या म्हणाली, "ऐकून घेतो."

ती सगळ्यांच्या मागून जाणार होती. दुपारी गर्दी नसते, घाई होत नाही, कुणी मागून ढकलत नाही. मी सकाळीच निघाले.

मतदान शाळेत होतं. बाहेर मोहाच्या झाडाखाली बंदूकवाले पोलीस. आमच्याकडे तीन वाजता पेटी बंद करायचे, म्हणजे उजेडात गाडी जंगलाबाहेर निघावी. बायकांची रांग लांब होती. माझ्या हातात मतदानाच्या दोन चिठ्ठ्या होत्या, आत्याची आणि माझी, कारण घरात कागद सांभाळायचं काम माझं. मी आत्याची चिठ्ठी ओच्यात ठेवली आणि माझी हातात घेतली. त्या दिवशी मला एका गोष्टीची हौस होती. मी सही करणार होते. गावातल्या बायका अंगठा लावत, मला सही येत होती, आणि लग्नानंतर ती करायची वेळच आली नव्हती.

आत शिरले आणि समोर भासरे दिसले. नवऱ्याचे थोरले चुलतभाऊ. ते एका पक्षाकडून यादी घेऊन बसले होते. आमच्यात भासऱ्यासमोर सुनेने बोलायचं नाही, पदर नाकापर्यंत ओढायचा, आणि त्यांनीही तिच्याकडे पाहायचं नाही. मी पदर ओढला. त्यांनी मान खाली घातली.

पहिल्या टेबलावरच्या साहेबांनी माझी चिठ्ठी घेतली. चिठ्ठीवर फक्त आकडा होता. यादीत आत्याचं आणि माझं नाव एकाखाली एक. त्यांचं बोट वरच्या ओळीवर गेलं आणि त्यांनी मोठ्याने नाव वाचलं. आत्याचं.

"नवऱ्याचं नाव?" त्यांनी विचारलं.

मी पदर आणखी पुढे ओढला. साहेब चंद्रपूरकडचे असावेत, नवऱ्याचं नाव न घेणाऱ्या बायकांची त्यांना सवय झाली होती. त्यांनी स्वतःच वाचलं. सासऱ्यांचं नाव. "हेच ना, बाई?"

मला कळलं होतं. नाव वाचलं त्या क्षणीच कळलं होतं. नवऱ्याचं नाव मी घेऊ शकत नव्हते, सासऱ्यांचंही नाही. पण नाव घ्यायची काही गरजच नव्हती. "मी सून," एवढं म्हटलं असतं तरी झालं असतं. मागून बायका ढकलत होत्या. साहेबांनी भासऱ्यांकडे पाहिलं. भासरे यादीत डोकं खुपसून म्हणाले, "हो हो, आमच्याच घरची हाय." मी मान हलवली.

पुढच्या माणसाने माझ्या बोटाला शाई लावली. रजिस्टर पुढे केलं आणि विचारलं, "सही की अंगठा?" मी सही केली असती तर माझं नाव उमटलं असतं. मी अंगठा पुढे केला.

आडोशाला उभं राहून मी नवऱ्याने सांगितलेल्या चिन्हावर शिक्का मारला, उभी घडी घातली आणि कागद पेटीत टाकला. म्हणजे आत्याचं मत या खेपेलाही घरच्या पुरुषानेच सांगितलेल्या ठिकाणी गेलं. हे मला तेव्हा सुचलं नाही. तेव्हा फक्त बाहेर पडायचं होतं.

घरी आले. आत्या न्हाऊन केस विंचरत बसली होती. सासरे गेल्यापासून ठेवणीतलं हिरवं लुगडं तिने काढलं नव्हतं, ते त्या दिवशी काढलं होतं. मी दारात उभी राहिले.

"आत्या."

"काय वं?"

मी सांगणार होते. देवाशपथ सांगणार होते. पण ती माझ्याकडे इतकी खुशीत पाहत होती.

"भात झाला," मी म्हणाले.

"ठेव झाकून. येऊनच जेवतो."

मला वाटत राहिलं की साहेबांचं लक्ष जाणार नाही, एवढ्या यादीत कुणाला आठवणार, तिला टाकू देतील. चिठ्ठी दे म्हणाली तेव्हा ओच्यातून काढून दिली. उन्हाने तिला नीट दिसत नव्हतं, म्हणून शाळेपर्यंत तिचा हात धरून गेले. पायरीशी तिने हात सोडवून घेतला. "आता तू नोको येऊ." मी ओसरीवर खांबाशी थांबले. आत दोन-तीनच माणसं होती, सगळं ऐकू येत होतं.

साहेबांनी नाव वाचलं आणि थांबले.

"आजी, तुमचं मतदान झालंय."

"कसं झालं, साहेब? मी आता तं येऊन राह्यली."

"सकाळीच झालंय. हा बघा अंगठा."

"माह्या बोटाले पाहा ना तुम्ही. पाहा! शाई हाय का?"

तिने दोन्ही हात टेबलावर आपटले असावेत, तसा आवाज आला. साहेब उठले, वरचे साहेब आले. ते चांगले होते, ओरडले नाहीत. कुणीतरी तुमच्या नावावर टाकून गेलं म्हणाले. दुसऱ्याच्या नावावर मत टाकणं गुन्हा आहे, जेल होऊ शकते, असंही म्हणाले. मी शाईचं बोट पदरात गुंडाळलं.

मग त्यांनी भासऱ्यांना विचारलं, तुम्ही गावचे ना, तुम्ही कसं ओळखलं नाही? भासरे खाकरले. मग म्हणाले, "मी मधात चहा प्याले गेलो व्हतो साहेब. तवाच कोनं तरी टाकलं असन." त्यांना माहीत होतं की नाही, ते मला आजही सांगता येत नाही. त्यांनी माझ्याकडे कधी पाहिलंच नव्हतं.

"आजी, वेगळा कागद देता येतो," साहेब म्हणाले. "त्यावर शिक्का मारा. तो पेटीत नाही जात, पाकिटात ठेवतात."

"पाकिटातला मोजता का?"

साहेबांनी खोटं सांगितलं नाही. "सहसा नाही मोजत."

"मंग ठेवा तुमच्यापाशीच."

ती बाहेर आली. माझा हात तिने धरला नाही, भिंतीला हात लावत पायऱ्या उतरली. वाटेत एकदाच बोलली. "हा चहा प्याले गेला तवा कोन व्हतं वं रांगेत?"

मला माहीत होतं कोण होतं. सकाळी मी परत निघाले तेव्हा भासरे चहाच्या किटलीजवळ उभे होते आणि मावशी आत जात होती. मी "नाही पाहिलं" म्हणाले. पण गाव लहान. संध्याकाळपर्यंत दुसऱ्या कुणी सांगितलं. आणि मावशीचं पाळीवरचं बोलणं सगळ्या बायकांनी ऐकलं होतं. दोन्ही माह्याकडं.

नवऱ्याने रात्रीच्या जेवणाला विचारलं, "तू तं टाकलं ना?" मी हो म्हणाले.

पुढच्या बाजाराला आत्याने टोपली उचलली आणि नेहमीच्या जागी न बसता बाजाराच्या दुसऱ्या टोकाला, बांगड्यांच्या दुकानापलीकडे जाऊन बसली. हे मला सोबतच्या बायकांनी सांगितलं. मावशी उठून तिच्याकडे गेली.

"इथी काऊन बसली वं? नाराज हायेस का?"

"तुले दोन पाह्यजे व्हते ना? भेटले का?"

"काय दोन?"

"जास्त शायनी बनू नोको. माह्या अंगठ्याच्या जागी कोनाचा अंगठा हाय, ते मले समजते."

मावशी आधी हसली म्हणे. तिला वाटलं थट्टा आहे. मग आत्याने सगळ्या बाजारासमोर तिला चोट्टी म्हटलं. मावशीने आपल्या मेलेल्या नवऱ्याची शपथ घेतली, आत्याने ऐकली नाही. मावशी आपल्या टोपलीकडे परत गेली, आणि त्यानंतर त्या दोघी कधी बोलल्या नाहीत.

पाळीवर चटया वेगळ्या झाल्या. आमच्या घरात कुणी आजारी पडलं तर मावशी दुसऱ्याच्या हातून कडुलिंबाचा पाला पाठवायची, आत्या तो बाहेर फेकायला लावायची. फेकायला मीच जायची. किती वेळा ठरवलं की आज सांगायचं. माशांना मीठ लावताना, तिचं डोकं चेपताना, मुलीला मांडीवर घेऊन ती एकटीच बोलत बसायची तेव्हा. पहिल्या आठवड्यात जेलची भीती होती. ती गेली. मग आत्याची भीती वाटली, की ती म्हणेल, मावशीशी मी भांडले तेव्हा तू कुठी होतीस? जितके दिवस गेले तितकं ते दुसरं पाप मोठं होत गेलं. मत एकदाच गेलं होतं, पण गप्प मी रोज बसत होते.

आत्याने मला एकदा स्वतःहून विचारलं होतं. आम्ही दोघीच होतो, ती जाळ्याला गाठी मारत होती.

"तुले काय वाटते वं? तिनंच टाकलं असन?"

"कोण जाणे," मी म्हणाले.

नाही सुद्धा म्हणाले नाही. निदान "मावशी तसं करणार नाही" एवढं तरी म्हणता आलं असतं, त्यात माझं काही उघड पडत नव्हतं. तेवढंही तोंडातून निघालं नाही.

पुढची निवडणूक कुणाला वाटली नव्हती इतक्या लवकर आली. आत्या तिची वाट पाहत होती. आता सगळ्यांत आधी जाईन, पेटी उघडायच्या आत जाऊन बसेन, असं म्हणायची. पण त्या पावसाळ्यात तिला ताप आला. नाल्याला पूर होता, अहेरीला नेता आलं नाही. सहाव्या दिवशी ती गेली. मतदान त्यानंतर महिन्याच्या आत होतं.

मयतीला सगळं गाव आलं. मावशी आली, पण अंगणात शिरली नाही. कुंपणाबाहेर पावसात पोतं डोक्यावर घेऊन उभी राहिली. आत्याला नेलं तेव्हा थोडं मागे चालली आणि वळणावरून परत गेली.

तेरवी झाल्यावर मी तिच्या घरी गेले. आयुष्यात पहिल्यांदा मी कुणाच्या घरी आपणहून बोलायला गेले असेन. मावशी चुलीशी बसून मासे भाजत होती. मी उभ्या उभ्याच सांगितलं. सगळं सांगितलं, रांग, चिठ्ठी, भासरे, अंगठा. मला वाटलं होतं ती शिव्या देईल, निदान रडेल. तिने मासा उलटा केला.

"मले काऊन सांगून राह्यली आता?" ती म्हणाली. "तिले सांगाचं व्हतं."

"भीती वाटली, मावशी."

"तिची?" तिने माझ्याकडे पाहिलं. "ती तं तुले चार शिव्या देली असती आन जेवाले बसवली असती. तुले समजली नाई का ती एवढ्या वर्सात?"

 मी खाली बसले. तिने मला बस म्हटलं नव्हतं. मग मी एक विचारलं, जे मला तेव्हापासून विचारायचं होतं. पाळीवर त्या दिवशी आत्याने तिच्या कानात कुणाचं नाव सांगितलं होतं? मला वाटलं, येत्या मतदानात मी माझं मत त्याला टाकीन. तेवढं तरी आत्याच्या मनासारखं होईल.

मावशी माशाचे काटे काढत राहिली.

"ते तिनं मले सांगितलं," ती म्हणाली. "तुले नाई सांगितलं."

ती पुढे अजून दोन वर्षं जगली. मी अधूनमधून तिच्याकडे जायचे, पाणी भरून द्यायचे, ती ते घ्यायची. नाव मात्र तिने सांगितलं नाही, आणि मीही परत विचारलं नाही.